अब्रूझी नेमका कुठला?

प्रश्न : ‘प्रिझन ब्रेक’ या अमेरिकन मालिकेतला माफिया अब्रूझी मला अस्सल इटालियन वाटायचा. मुलगा म्हणतो, तो नट स्वीडनचा आहे. मग स्वीडिश माणूस दर वेळी परक्याच देशाचा का होतो? मुख्य भूमिका त्याला का मिळत नाही? (मुलाला एकांकिकेत हवालदार मिळालाय, तोंड फुगवून बसलाय.)
– एक वाचक, साखर पेठ, सोलापूर

उत्तर : मुलगा बरोबर सांगतोय. पीटर स्टोरमारे, जन्म 1953, स्वीडनमधलं कुमला गाव. परक्या देशांचं म्हणाल, तर इंग्रजीला परका हेल आणि चेहरा जरा भेदक असला की हॉलिवूडला तो माणूस कुठलाही चालतो. 1998 सालीच बघा. ‘आर्मागेडन’मध्ये हा केसाळ टोपी घातलेला रशियन अंतराळवीर, बंद पडलेल्या यंत्रावर पाना हाणणारा. ‘द बिग लेबाउस्की’त जर्मन टोळीवाला. मला विचाराल तर हा निव्वळ निर्मात्यांचा आळस. पण त्या आळसावर या पठ्ठ्याने झकास दुकान मांडलं!

मुख्य भूमिका? अहो, ती त्याने आधीच करून टाकली. स्टॉकहोमच्या रॉयल ड्रॅमॅटिक थिएटरमध्ये अकरा वर्षं होता तो. स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमनने 1986 साली ‘हॅम्लेट’ बसवलं, त्यात हॅम्लेट हाच. ‘कॉन्स्टंटाइन’मध्ये (2005) तो सैतान म्हणून अगदी शेवटी येतो. पांढराशुभ्र सूट, अनवाणी पाय, पायांवरून डांबरासारखं काळं ओघळतंय. येतो काय, काही मिनिटांत सगळा सिनेमा खिशात घालून जातो काय! रंगमंचावर मुरल्याशिवाय हे जमत नाही. सोलापूरकरांना हे मी काय सांगायचं? अतुल कुलकर्णी इथल्या ‘नाट्य आराधना’ या नाट्यसंस्थेतून दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात (एनएसडी) गेले आणि पुढे मराठी, हिंदी, कन्नड, तेलुगू, जिथे गेले तिथले झाले.

आता हवालदार. चिरंजीवांना ‘फार्गो’ (1996) दाखवा. दोन भाडोत्री गुंड गाडीतून निघालेत. स्टीव्ह बुशेमी अखंड बडबडतोय आणि शेजारी स्टोरमारे गप्प. सिगारेट ओढायची, समोर बघायचं. पॅनकेक खायचे, एवढाच त्याचा हट्ट. बोलणाऱ्याची चिडचिड वाढत जाते आणि आपण मात्र गप्प बसलेल्याकडेच बघत राहतो, की हा आता काय करेल? मुलाला विचारा, तुझा हवालदार स्टेजवर येण्याआधी कुठे होता? बूट चावतोय का? काठी कुठल्या हातात? दुसरा बोलत असताना तो बघतो कुणाकडे? संहितेत यातलं काही नसणार, त्यानेच ठरवायचंय.

फक्त ‘फार्गो’ जेवताना लावू नका. शेवटी लाकडं भरडायचं एक यंत्र येतं.