जबडा आपोआप सरकतो, जीभ बाहेर येते, मग दाढा काढायच्या का?

तुमचे प्रश्न, दातांच्या डॉक्टरांची उत्तरं

प्रश्न: डॉक्टर, माझ्या सासूबाईंचं वय ५८. आम्ही अक्कलकोट रोडला राहतो, त्या घरीच शाळेच्या युनिफॉर्मची शिलाई करतात. सात-आठ महिने झाले, बोलायला लागल्या की जबडा आपोआप खाली जातो नि डावीकडे सरकतो, जीभ पुढं येते, शब्द तुटतात. जेवताना तर घास जिभेनंच बाहेर ढकलला जातो. कडक भाकरी नि शेंगाचटणी म्हणजे त्यांचा जीव की प्राण, ती पण सुटली. एका ठिकाणी दोन दाढा काढल्या, फरक काहीच नाही. कुणी म्हणतं लकवा, कुणी म्हणतं डोक्यावर परिणाम झालाय. गड्ड्याच्या जत्रेत बायका टक लावून बघायला लागल्या तेव्हापासून घराबाहेर पडणंच बंद केलंय. नवल म्हणजे झोपेत यातलं काही होत नाही, आणि मशीनवर बसून दोऱ्याचं टोक दातात धरलं की जबडा एकदम गप्प बसतो. आता त्याच म्हणताहेत की उरलेल्या दाढा पण काढून टाकू. काय करू? – एक सून, सोलापूर

उत्तर: ताई, पहिलं हे सांगते की आता एकही दाढ काढू देऊ नका.

तुम्ही पत्राच्या शेवटी जाता जाता दोन गोष्टी लिहिल्यात, झोपेत थांबतं आणि दोरा दातात धरला की थांबतं, मला त्याच सगळ्यात मोलाच्या वाटल्या. दाढेचं दुखणं असतं तर ते रात्री आडवं पडल्यावर जास्त ठणकलं असतं. लकव्यात स्नायू लुळा पडतो, तो काही दोरा धरला म्हणून सरळ होत नाही. इथं सगळं उलटंय, स्नायूत ताकद आहे पण तो नको तेव्हा नको तेवढा ओढतोय. याला ओरोमँडिब्युलर डिस्टोनिया म्हणतात, म्हणजे जबडा, जीभ नि तोंडाभोवतीचे स्नायू आपल्या मनाविरुद्ध आखडणं. पत्रावरून शंभर टक्के सांगता येत नाही, ते मेंदूविकार तज्ज्ञ म्हणजे न्यूरोलॉजिस्ट तपासूनच सांगतील, पण वर्णन अगदी तसंच आहे.

आपण सोलापूरची माणसं, माग कसा चालतो ते सांगायला नको. ताण्याचे निम्मे दोरे वर जातात, निम्मे खाली, मधे वाट होते नि धोटा पलीकडं जातो. जबड्याचं पण असंच आहे, उघडणारे स्नायू वेगळे, मिटणारे वेगळे, एकानं ओढलं की दुसऱ्यानं सैल सोडायचं. हा हुकूम मेंदूच्या आत खोलवर असलेल्या बेसल गँग्लिया नावाच्या भागाकडून नीट लागतो. तिथं गडबड झाली की दोन्हीकडचे दोरे एकदम ओढले जातात आणि धोटा मधेच अडकतो, बोलताना शब्द तुटतो तो असा. हा त्रास जास्त करून चाळिशी ते सत्तरी या वयात सुरू होतो, नि पुरुषांपेक्षा बायकांत जास्त दिसतो. थकवा आला, चारचौघांत बोलायची वेळ आली की वाढतो. म्हणून तर बघणाऱ्याला वाटतं की हे मुद्दाम चाललंय.

डोक्यावर परिणाम म्हणणाऱ्या नातेवाइकांना एवढंच सांगा की डॉक्टर लोकसुद्धा वर्षानुवर्षं असंच समजत होते. आंरी मेज या फ्रेंच डॉक्टरांनी १९१० मध्ये डोळे नि जबडा दोन्ही आखडणारे पेशंट वर्णन करून ठेवले होते, तरी पुढं कितीतरी जणांना मानसिक म्हणूनच परत पाठवलं जायचं, आणि १९७६ मध्ये डेव्हिड मार्सडेन या ब्रिटिश न्यूरोलॉजिस्टनी हा मेंदूचा, हालचालींचा आजार आहे हे ठामपणे मांडलं. सासूबाईंचे डोळे उन्हात किंवा टीव्ही बघताना आपोआप घट्ट मिटतात का, तेही बघून ठेवा. मिटत असतील तर डॉक्टरांना आवर्जून सांगा.

आता दोऱ्याचं. या आजारात कित्येकांना आपली आपणच एक युक्ती सापडते, हनुवटीला बोट लावलं, गालात काही धरलं की झटका थांबतो. का, तर त्या स्पर्शाची खबर मेंदूला जाते नि हुकूम थोडा वेळ सुधारतो. हे लिहिताना मला माझी एक पेशंट आठवते, बरीच वर्षं झाली, तिचा जबडा बोलताना घट्ट मिटायचा, जीभ चावली जायची, रक्त यायचं. मी दातांची टोकं घासून दिली, प्लेट करून दिली, शेवटी एक दात काढला. ती दर वेळी गालात लवंग धरून यायची आणि मी तिला रागावायचे की अहो हिरडी भाजेल, थुंका ती. ती लवंग थुंकायची नि लगेच जबडा आवळायचा, माझ्या डोळ्यांसमोर, आणि माझ्या लक्षात आलं नाही! पुढं तिला परगावच्या न्यूरोलॉजिस्टनी निदान सांगितलं तेव्हा ती परत येऊन मला सांगून गेली, न रागावता. तो दात मी परत देऊ शकत नाही. म्हणून तुम्हाला इतक्या कळकळीनं सांगतेय, आणि सासूबाईंना म्हणावं, दोरा धरायचा तर खुशाल धरा.

दुसरं काम आजच करा. घरातली गोळ्यांची पिशवी ताटात ओता आणि सासूबाई गेल्या दोन वर्षांत काय काय घेत होत्या ते बघा. आपल्याकडं पित्ताची कॅप्सूल मेडिकलमधून आणून महिनोन् महिने खायची सवय आहे, त्यातल्या काहींत पॅन्टोप्राझोल किंवा रॅबेप्राझोलसोबत लेव्होसल्पिराईड असतं. पाकिटाच्या मागं बारीक अक्षरात लिहिलेलं असतं, चष्मा लावून वाचा. लेव्होसल्पिराईड, उलटीचं मेटोक्लोप्रमाईड, चक्करेचं सिनारिझिन नि मानसिक आजारावरची काही औषधं बरेच दिवस घेतल्यावर जबडा-जीभ अशी हलायला लागू शकते, उतारवयात जास्तच. सापडलं तर ते पाकीट घेऊन लगेच डॉक्टरांकडं जा. मात्र मानसिक आजाराची गोळी असेल तर ती परस्पर अचानक बंद करायची नाही, त्यानं वेगळंच संकट उभं राहतं.

उपचार आहे. ट्रायहेक्सिफेनिडिल, क्लोनाझेपाम, बॅक्लोफेन अशा गोळ्या देऊन बघतात, काहींना उतार पडतो, पण झोप येणं, तोंड कोरडं पडणं, विसरायला होणं हा त्रास पण होतो. सगळ्यात जास्त उपयोग होतो तो बोट्युलिनम टॉक्सिनच्या इंजेक्शनचा, ज्याला लोक बोटॉक्स म्हणतात. जो स्नायू नको तेवढा ओढतोय नेमका तोच सैल करायचा. काही दिवसांत गुण दिसायला लागतो, साधारण तीन महिने टिकतो, मग परत घ्यावं लागतं. म्हणजे कायमचं बरं होईल असं मी म्हणणार नाही, पण घास तोंडात राहणं, चार वाक्यं सलग बोलता येणं, हे बऱ्याच जणांना परत मिळतं. जबडा उघडणारा स्नायू कानाच्या पुढं खोलवर असतो, जिभेत इंजेक्शन दिलं तर गिळायला त्रास होऊ शकतो, त्यामुळं हे काम डिस्टोनियाचा अनुभव असलेल्या न्यूरोलॉजिस्टकडंच करायचं, ब्युटी क्लिनिकमधे अजिबात नको. खर्चाची अडचण असेल तर आधी सिव्हिलच्या मेडिसिन ओपीडीत दाखवा नि पुढची चिठ्ठी घ्या. जाताना मोबाईलवर दोन छोटे व्हिडिओ काढून न्या, एक बोलतानाचा आणि एक दोरा दातात धरलेला, कारण डॉक्टरांसमोर बसल्यावर नेमकं काहीच होत नाही असं पुष्कळदा घडतं.

तोवर कडक भाकरी चुरून आमटीत चांगली भिजू द्या, वरून शेंगाचटणी घाला, चव तीच राहते. घास छोटा, ताठ बसून, जेवताना कुणी बोलायला लावायचं नाही. दर महिन्याला वजन करा. ठसका वारंवार लागत असेल तर मात्र अपॉइंटमेंटची वाट बघत बसू नका.

प्रश्न: मुलगा १९ वर्षांचा, उलट्या होत होत्या म्हणून इंजेक्शन दिलं. रात्री जबडा एका बाजूला गेला, जीभ बाहेर, मान वाकडी, डोळे वर. आजी म्हणाली बाहेरची बाधा आहे. कॅज्युअल्टीत एक इंजेक्शन दिल्यावर थोड्या वेळात सगळं सरळ झालं. ही फिट होती का? परत येईल का? – एक वडील, मोहोळ

उत्तर: दादा, वर्णनावरून ही त्या उलटीच्या इंजेक्शनची रिअॅक्शन वाटते. मेटोक्लोप्रमाईडनं असं होतं, तरुण पोरांत नि लहान मुलांत जास्त, बहुतेक वेळा पहिल्या दोन-तीन दिवसांतच. मोठ्या फिटमध्ये शुद्ध जाते, यात पोरगं शुद्धीत असतं, सगळं ऐकतं, फक्त बोलता येत नाही, आणि म्हणूनच घाबरून अर्धमेलं होतं. प्रोमेथाझिनसारखं इंजेक्शन दिलं की बरेचदा अर्ध्या तासाच्या आत सुटतं. मूळ औषध अंगात असेपर्यंत परत येऊ शकतं, म्हणून ते थांबवायला कॅज्युअल्टीतून दोन-तीन दिवसांच्या गोळ्या दिल्या असतील तर त्या पूर्ण करा. त्या उलटीच्या औषधाचं नाव केसपेपरवरून उतरवून मुलाच्या पाकिटात ठेवा नि यापुढं प्रत्येक डॉक्टरला आधी ते दाखवा. परत कधी असं झालं नि आवाज घोगरा झाला किंवा श्वास अडकायला लागला तर तसंच उचलून दवाखान्यात न्या, अंगाऱ्या-धुपाऱ्यात एक मिनिट घालवू नका. आणि उलटीचं औषध वगैरे काही घेतलेलं नसताना, एखाद्या जखमेनंतर जबडा हळूहळू आवळत जाऊन उघडेनासाच झाला तर तो धनुर्वात असू शकतो, ती पण लगेच पळायचीच वेळ.

प्रश्न: वय ३२, पॉवरलूमवर रात्रपाळी करतो, मावा खातो. तोंड पूर्ण उघडत नाही, तिखट सोसत नाही. आखडलेला जबडा सैल करायची गोळी सांगा. – एक वाचक, सोलापूर

उत्तर: भाऊ, अशी गोळी तुम्हाला लागू पडणार नाही, कारण तुमचा स्नायू आखडलेला दिसत नाही. सुपारीनं गालाची आतली कातडीच घट्ट, पांढरट, दोरीसारखी होत जाते, सबम्यूकस फायब्रोसिस म्हणतात त्याला, आणि यातून पुढं कॅन्सर होऊ शकतो. गुटख्यावर राज्यात २०१२ पासून बंदी आहे, पण मावा चालतो असं समजू नका, त्यातली सुपारी तीच नि तंबाखू तीच. आज घरी आरशासमोर उभं राहून आपलीच तीन बोटं उभी करून पुढच्या दातांमधे घालून बघा. दोनच जात असतील तर याच आठवड्यात दातांच्या डॉक्टरला दाखवा. गालात किंवा जिभेच्या कडेला पांढरा-लाल चट्टा असेल, किंवा दोन आठवडे न भरलेली जखम असेल, तर रात्रपाळी संपवून झोपायच्या आधी दवाखाना गाठा आणि तुकडा तपासायला सांगितला तर नाही म्हणू नका. मावा आजपासून बंद, एकदम सुटत नसेल तर तेही डॉक्टरांना सांगा, सोडायला मदत मिळते.