नुसत्या निवेदनाने शुल्क लागत नाही

प्रश्न: परदेशी माल पडेल भावात येतोय. आमच्या उत्पादक संघटनेने सरकारला निवेदन दिलं, तर अँटी-डम्पिंग शुल्क (अशा पडेल भावातल्या आयातीवरचा जादा कर) लागेल का?

उत्तर: नाही, रीतसर अर्जच हवा. जागतिक व्यापार संघटनेच्या नियमांनुसार पाठिंबा देणाऱ्या कारखान्यांचं उत्पादन देशातल्या एकूण उत्पादनाच्या किमान 25 टक्के आणि विरोध करणाऱ्यांपेक्षा जास्त लागतं. मग डम्पिंग (म्हणजे निर्यातदाराने आपल्या देशातल्या भावापेक्षा कमी भावात इथे माल विकणं), देशी उत्पादकांचं नुकसान आणि दोहोंतला संबंध दाखवा. हा संबंधच सगळ्यात अवघड: मागणी घटल्यामुळे विक्री पडली असेल, तर तिचं खापर आयातीवर फोडता येत नाही. म्हणून विक्री, भाव, साठ्याचे आकडे महिनावार, आयातीच्या आकड्यांशेजारी मांडा. निर्यातदाराच्या देशातला भाव आणि निर्यातभाव, दोन्ही शक्यतो कारखान्याच्या दारातले धरा. भाडं, विमा वजा करायचा राहिला की हिशेब चुकतो. फरक निर्यातभावाच्या 2 टक्क्यांहून कमी निघाला, तर चौकशी तिथेच थांबते.