सजीवांच्या शरीरात खनिजं कशी तयार होतात?

मॅग्नेटाइटसारखं खडकातलं, लोहाचं चुंबकीय खनिज प्राण्याच्या अंगात, तेही समुद्राच्या पाण्याइतक्याच तापमानाला कसं बनतं, असं तुम्ही विचारलंय. शंका रास्त आहे. मॅग्नेटाइट प्रचंड उष्णतेत आणि दाबाखालीच तयार होतं, असं भूशास्त्रज्ञही धरून चालले होते. पण १९६२ साली हाइन्झ लोवेनस्टॅम या शास्त्रज्ञाने ते कायटनच्या दातांत दाखवून दिलं.

कायटन हा खडकाला घट्ट चिकटून राहणारा, पाठीवर आठ पट्ट्यांचं कवच असलेला मृदुकाय प्राणी. खडकावरचं शेवाळ तो जिभेसारख्या फितीने खरवडून खातो. त्या फितीवर दातांच्या ओळी असतात, आणि माझ्या मते तुमच्या प्रश्नाचं सगळ्यात स्वच्छ उत्तर तिथेच मिळतं. फितीच्या मागच्या टोकाला उगवणारा नवा दात कायटिनचा (कीटकांच्या कवचातही असणाऱ्या चिवट पदार्थाचा), रंगहीन आणि मऊ असतो. म्हणजे साचा आधी. मग आजूबाजूच्या पेशी फेरिटिन या प्रथिनात साठवलेलं लोह दाताला पुरवतात. कायटिनच्या धाग्यांवर ते फेरीहायड्राइट या गंजासारख्या खनिजाच्या रूपात जमतं आणि दात तांबूस होतो. पुढच्या ओळींत त्याचंच मॅग्नेटाइट होऊन दात काळा पडतो. पुढचे दात झिजून गळतात, मागचे सरकत पुढे येतात. त्यामुळे एकाच फितीवर सगळे टप्पे ओळीने दिसतात. तयार दात लोहचुंबकाला चिकटतात!

भट्टीची गरज पडत नाही ती यामुळे. बंदिस्त जागेत आयन गोळा करायचे, आम्लता सांभाळायची आणि स्फटिकाला बसायला योग्य पृष्ठभाग द्यायचा, हे सगळं पेशी करतात.

कोणतं खनिज बनणार हेसुद्धा त्याच ठरवतात. अनेक शिंपल्यांत बाहेरचा थर कॅल्साइटचा आणि आतला चमकदार थर अरॅगोनाइटचा असतो. रासायनिकदृष्ट्या दोन्ही कॅल्शियम कार्बोनेटच. १९९६ मध्ये लिया अद्दादी आणि स्टीव्ह वाइनर या शास्त्रज्ञांच्या गटाने कायटिन आणि रेशमाच्या प्रथिनाच्या साच्यात कवचांतली प्रथिनं घालून पाहिली. कॅल्साइटच्या थरातली घातली तेव्हा कॅल्साइट तयार झालं, अरॅगोनाइटच्या थरातली घातली तेव्हा अरॅगोनाइट. इतका सरळ निकाल क्वचित मिळतो.

हाडांतही कोलॅजेन या प्रथिनाच्या धाग्यांत अ‍ॅपेटाइट हे कॅल्शियम फॉस्फेटचं खनिज बसतं, ते तुम्ही शाळेत शिकला असाल. वनस्पतीही मागे नाहीत. अळू खाजतं ते मुख्यतः कॅल्शियम ऑक्झलेटच्या सुयांमुळे, आणि त्या खास पेशींमध्ये तयार होतात. कॉलेजच्या साध्या सूक्ष्मदर्शकाखाली अळूच्या देठाचा पातळ काप ठेवलात, तर त्या सुयांच्या जुड्या तुम्हाला स्वतःलाच पाहता येतील.