सूर्याची उष्णता नेमकी कुठे घालायची

प्रिय,

तुझं पत्र दोनदा वाचलं. चालू वीज प्लांटला आरशांचं सोलर फील्ड जोडायचा विषय घेतलायस हे वाचून खरंच बरं वाटलं. "सोलर किती मेगावॅटचं धरू" असं विचारलंयस, तो प्रश्न सध्या बाजूला ठेव, आधी ती उष्णता कुठल्या ठिकाणी आणि किती तापमानाला आत शिरणार ते ठरव, बाकी सगळं त्यावरच उभं आहे.

कोळशाचा प्लांट घे. बॉयलरला पाणी तसंच थंड जात नाही, टर्बाईनमधून मधेमधे वाफ काढून फीडवॉटर हीटरमधे ते तापवतात, शेवटच्या हीटरनंतर साधारण २५० अंशांपर्यंत जातं. ही काढलेली वाफ टर्बाईनमधे पुढे गेली असती तर तिने अजून काम केलं असतं ना? मग पाणी तू आरशांच्या उष्णतेवर तापवलंस की ती वाफ आतच राहते, तेवढ्याच कोळशात वीज वाढते नाहीतर तेवढ्याच विजेला कोळसा कमी लागतो. म्हणजे सूर्याने इथे वाफ सोडवून दिली. हे एकदा डोक्यात बसलं की पुढचं आपोआप कळतं, वरच्या प्रेशरच्या हीटरची वाफ सोडवलीस तर फायदा जास्त कारण तिच्यात अजून खूप दम असतो, आणि खालच्या एलपी (कमी प्रेशरच्या) हीटरची वाफ आधीच दमलेली, ती सोडवून फारसं हाती लागत नाही. मात्र जास्तीची वाफ पुढच्या ब्लेडना, कंडेन्सरला आणि जनरेटरला झेपते का हे तपासल्याशिवाय आकडा लिहू नकोस. आणि ट्रफमधलं, म्हणजे पन्हळीसारख्या लांब आरशांच्या नळीतलं, थर्मल ऑईल ४०० अंशांच्या वर टिकत नाही, त्यामुळे ५४० अंशांची मेन स्टीम त्याच्याकडून मागू नकोस, पाणी तापवायचं काम त्याला मस्त जमतं.

गॅसच्या कम्बाइन्ड सायकलचं, म्हणजे गॅस टर्बाईनच्या गरम एक्झॉस्टवर वाफ करून स्टीम टर्बाईनही चालवतात त्याचं, गणित वेगळं. तिथे एक्झॉस्ट गॅस निवत जातो पण पाणी उकळताना तापमान एकाच जागी अडून बसतं, तिथे पिंच पॉइंट, म्हणजे गॅस आणि पाण्याच्या तापमानातला फरक सगळ्यात कमी उरतो ती जागा, आडवा येतो. म्हणून उकळायचं काम सोलरकडे दे आणि सुपरहीट, म्हणजे झालेली वाफ आणखी तापवणं, एक्झॉस्टकडे ठेव. शिवाय भर दुपारी हवा तापून विरळ होते, गॅस टर्बाईन मार खातं, आणि नेमकं तेव्हाच ऊन जोरात असतं! ही जोडी मला मनापासून आवडते.

पण हिस्सा लहानच असतो हे विसरू नकोस. मोरोक्कोतल्या आईन बेनी मथारला ४७० मेगावॅटमधे सोलर २०, इजिप्तच्या कुरैमातला १४० मधे २०. फ्लोरिडातल्या मार्टिनला २०१० मधे ७५ मेगावॅटसाठी सुमारे ५०० एकर आणि १,९०,००० आरसे लागले. स्टीम टर्बाईन सोलर धरून मोठं घेतलंस की रात्री ते पार्ट लोडवर (क्षमतेपेक्षा कमी भारावर) चालतं आणि एफिशियन्सी पडते, ती रात्र तुझ्या हिशोबात आलीच पाहिजे. ऑस्ट्रेलियात कोगन क्रीकच्या ७५० मेगावॅटच्या कोळसा युनिटला ४४ मेगावॅट सोलरची जोड द्यायचं काम सुरू झालं होतं, ते २०१६ मधे अर्धवट सोडून दिलं. तेही लिही, जे जमलं फक्त तेवढंच लिहू नकोस.

मी एका अशाच प्लांटवर कमिशनिंगला (पहिल्यांदा चालू करून तपासायला) होतो. डिझाईन वर्षाच्या सरासरीवर केलेलं. एक ढग आला, काही मिनिटांत फीडवॉटरचं तापमान घसरलं, बॉयलरच्या इकॉनॉमायझरला (पाणी आधी तापवणाऱ्या नळ्यांना) थंड पाणी गेलं, वाफेच्या ड्रमचं प्रेशर खाली यायला लागलं आणि ब्लीड वाल्व (टर्बाईनमधून हीटरसाठी वाफ काढायचा) उघडेपर्यंत उशीर झाला होता, कोळसा वाढवला तरी त्याची उष्णता लगेच मिळत नाही. संध्याकाळी आरशावरून बोट फिरवलं तर राखेत स्वच्छ रेघ उमटली, राख आपल्याच चिमणीची आणि कोळशाच्या यार्डाची. असे आरसे फक्त थेट किरणं वापरतात, धुरकट आकाशात पीव्ही (नेहमीचं सोलर) पॅनल थोडीफार वीज देतं पण आरशांना ते जमत नाही, म्हणून डीएनआयचा (थेट किरणांच्या जोराचा) तासातासाचा डेटा घे, महिन्याची सरासरी चालणार नाही.

आधी एकाच युनिटचा हीट बॅलन्स (कुठे किती उष्णता येते-जाते त्याचा हिशोब) हाताने काढ, प्रत्येक हीटरच्या ब्लीडचं प्रेशर, तापमान आणि फ्लो लिहून. मग वरचा एक हीटर बंद करून परत काढ, दोन्ही कागद मला पाठव.

तुझा
काका