हप्ता हातात देऊ नका, कोर्टात नोंदवा

प्रश्न : वकीलताई, मी लालबागला चाळीत राहते, घरी ब्लाउज आणि ड्रेस शिवते. मंगलदास मार्केटातल्या एका व्यापाऱ्याचं उधारीचं कापड होतं, पैसे थकले. मार्चमध्ये शहर दिवाणी न्यायालयात माझ्याविरुद्ध २,८०,००० रुपये आणि व्याजाचा हुकूमनामा, म्हणजे पैसे भरायचा कोर्टाचा आदेश, झाला. नंतर व्यापारी तोंडी म्हणाले, महिन्याला ८,००० द्या. मे ते ऑक्टोबर सहा हप्ते दिले, चार रोख आणि शेवटचे दोन फोनवरून. रोखीचं माझ्या वहीत लिहिलंय, त्यांची सही नाही. आता कोर्टाचा बेलिफ, म्हणजे जप्तीला येणारा कर्मचारी, आला, दोन्ही शिलाई मशिनं यादीत लिहून गेला. मागणी पूर्ण रकमेची आहे. मला अटक होईल का? कोर्ट हप्ते देईल का?

उत्तर : ताई, आधी झोप लागू द्या. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी बाईमाणसाला अटक करता येत नाही, दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ५६ तसं स्पष्ट सांगतं. यजमान दाव्यात नसतील, जामीनही नसतील, तर त्यांच्या पगाराला हात लागत नाही.

खरी काळजी त्या सहा हप्त्यांची आहे. कोर्टाबाहेर दिलेला पैसा कोर्टात नोंदला गेला नाही, तर दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या वसुलीचा अर्ज, चालवणारं कोर्ट तो जमेस धरत नाही. नोंदवायला तुम्हाला पैसे दिल्यापासून ३० दिवस मिळतात आणि लेखी पुरावा लागतो. म्हणजे ५ ऑक्टोबरचा हप्ता अजून वाचेल. अंक निघेपर्यंत ही मुदत संपेल, म्हणून एवढं तुम्हाला फोनवर आधीच सांगितलं. बँकेचा उतारा काढून अर्ज करा. आधीचे पाच हप्ते आता व्यापाऱ्यांनी कबूल केले तरच धरले जातील.

परळच्या एका निवृत्त गिरणी कामगाराची दरखास्त मी चालवली होती. स्टीलच्या डब्यात गुलाबी डायरी, प्रत्येक हप्त्यापुढे तारीख, एकही सही नाही. न्यायाधीशांनी पानन् पान उलटलं आणि डायरी हळूच परत केली. २२,००० रुपये त्या माणसाने दोनदा भरले. तेव्हापासून कुणी 'तोंडी ठरलंय' म्हटलं की माझ्या पोटात गोळा येतो.

हप्तेबंदीचं म्हणाल तर निकालाआधी मागितली असती, तर सबळ कारण पाहून कोर्ट हुकूमनाम्यातच हप्ते बांधून देऊ शकलं असतं, समोरच्याच्या संमतीशिवायही. तुमच्या वकिलांनी तेव्हा हे सांगायला हवं होतं, त्याचं मला वाईट वाटतं. हुकूमनाम्यानंतर अर्जाला ३० दिवसांची मुदत आणि वादीची, म्हणजे व्यापाऱ्यांची, संमती लागते. ती मुदत गेली. राहिली तडजोड, आणि ती होते, ताई. मशिनं लिलावात जाऊन किती येणार, हे व्यापाऱ्यांनाही कळतं. दोघांच्या सहीची पुरशिस, म्हणजे कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन, दरखास्तीत दाखल करा. तिच्यात आधी मिळालेले ४८,००० स्पष्ट लिहून घ्या, हप्त्याची तारीख, व्याज आणि किती हप्ते चुकले की पूर्ण रक्कम देय होईल, तेही. आकडा मात्र पावसाळ्यातल्या कमाईवर ठरवा, लग्नसराईच्या नको. ८,००० जमत नसतील तर ५,००० म्हणा. पुढचे हप्ते कोर्टात किंवा बँकेतूनच भरा.

मशिनांसाठी वेगळा अर्ज द्या. त्याच संहितेच्या कलम ६० प्रमाणे कारागिराची हत्यारं जप्तीतून सुटतात. ज्या मशिनवर तुम्ही स्वतः शिवता, तिच्यासाठी हाच आधार घ्या, आणि तुमच्या हातच्या कामाचे फोटो, गिऱ्हाइकांच्या पावत्या जोडा. स्वयंपाकाची भांडी, अंथरूण-पांघरूण आणि मंगळसूत्र यांनाही हात लावता येत नाही.

वकिलाची फी नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. स्त्रियांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. जाताना हुकूमनाम्याची नक्कल, बेलिफची यादी आणि ती वही घेऊन जा.