रुळांमधले ८९ मिलिमीटर

प्रश्न : जर्मनांना अडवायचं म्हणूनच रशियाने रूळ रुंद टाकले, असं आमच्या कट्ट्यावर छातीठोकपणे सांगतात. खरं का? आणि १९४१मध्ये जर्मनांनी ते बदलले कसे?
– एक वाचक, मिरज

उत्तर : पहिल्या भागात फारसा दम नाही. रशियातली पहिली रेल्वे १८३७ची, तीही प्रागच्या गेर्स्टनर या जर्मनभाषक अभियंत्याने बांधलेली, १८२९ मिलिमीटर रुंदीची. पुढे पीटर्सबर्ग-मॉस्को मार्गासाठी व्हिसलर या अमेरिकन अभियंत्याने पाच फूट, म्हणजे १५२४ मिलिमीटर सुचवलं आणि तेच देशभर रुळलं. जर्मनीचं माप १४३५.

मिरजेत ब्रॉड, मीटर आणि नॅरो अशी रुळांच्या रुंदीची तिन्ही मापं, म्हणजे गेज, नांदली. नॅरोगेजच्या डब्यातली पोती ब्रॉडगेजमध्ये टाकताना हमालांचा किती वेळ जाई, हे जुन्या मिरजकरांना सांगायला नको. जर्मन-रशियन सरहद्दीवर तेच चाले. जर्मनी आणि रशियातल्या १९३९च्या करारानंतर रशियन धान्य आणि तेल तिथे गाडी बदलून जर्मनीला जाई, थेट २२ जून १९४१च्या पहाटेपर्यंत. त्याच पहाटे जर्मनीने रशियावर हल्ला केला.

रूळ बदलणं त्या मानाने सोपं. रुळांखालच्या आडव्या लाकडी स्लीपरमधले एका बाजूचे खिळे उपटायचे, तो रूळ ८९ मिलिमीटर आत ओढायचा, पुन्हा खिळे ठोकायचे. स्लीपर लांबीला पुरतात, कारण रूळ आत येतो. उलटं करायचं असतं, तर स्लीपरची टोकं तोकडी पडण्याची धास्ती. वेळ खातात ते स्टेशनातले, गाडी एका रुळावरून दुसऱ्यावर वळवणारे सांधे. ते नुसते सरकवून भागत नाही.

खरी गोची पाण्याची. रशियन इंजिनं एका भरण्यात लांब पल्ला मारत, म्हणून पाणी भरायची ठिकाणंही लांब लांब. जर्मन इंजिनांना तेवढं अंतर झेपेना, मध्ये नवी ठिकाणं उभारावी लागली. थंडीत तर या इंजिनांचे बॉयलरबाहेरून गेलेले नळ गोठून फुटले. रशियन इंजिनं वापरावीत, तर माघार घेताना रशियनांनी ती बहुतेक पूर्वेकडे नेलेली. रूळ अरुंद झाले, पण वर धावायला गाडी कुठे होती?

परतताना जर्मनांनी इंजिनामागे भलामोठा लोखंडी आकडा जोडून स्लीपर मधोमध मोडत नेले. तरी १९४५मध्ये रशियन मापाचा रूळ बर्लिनपर्यंत पोचला.