फरकाच्या बिलासाठी लाइट तोडायची नोटीस आली, तर कोर्टातून स्टे मिळतो का?

तुमचा प्रश्न असा: सोलापुरात टॉवेलचा छोटा कारखाना, मीटर तपासणीनंतर मागच्या साडेतीन वर्षांचं फरकाचं (म्हणजे आधी कमी आकारलेल्या विजेचं) बिल आलं, ‘भरा, नाहीतर लाइट तोडू’ अशी नोटीस मिळाली. आता कोर्टात जावं का?

मी सोलापूरच्या पूर्व भागातल्या कारखान्यांचे हिशेब लिहितो, त्यामुळे असे कागद नेहमी हातात येतात. स्टे मिळू शकतो, पण वकील गाठण्याआधी निषेध नोंदवून पैसे भरायची तयारी करा. माग थांबले की पीसवर काम करणाऱ्या विणकराची मजुरी त्याच दिवसापासून बुडते, म्हणून हे आधी सांगतोय.

वीज कायदा २००३ चं कलम ५६ स्वतः वाचा. थकबाकीसाठी लाइट तोडायची तर पूर्ण पंधरा दिवसांची लेखी नोटीस लागते. त्याच कलमात पुढे आहे की बिलाबद्दल वाद असेल आणि ग्राहकाने निषेध नोंदवून रक्कम भरली, तर वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. रक्कम किती? मागितलेली सगळी, किंवा मागच्या सहा महिन्यांत भरलेल्या सरासरीवरून दरमहा निघणारा आकार, यांतली जी कमी ती. लोक एक तर कर्ज काढून सगळं भरतात, नाहीतर रागाने चालू बिलही थांबवतात. चालू बिल अजिबात थांबवू नका. त्याबद्दल वाद नाही, आणि ते थकलं तर लाइट तोडायचा हक्क वीज कंपनीला (महावितरणला) आहेच.

आता साडेतीन वर्षांचं. कलम ५६(२) मध्ये दोन वर्षांची मर्यादा आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या मोठ्या पीठाने मार्च २०१९ मध्ये सांगितलं की पहिल्या मागणीच्या मागच्या दोन वर्षांपलीकडच्या वापराचे पैसे मागता येत नाहीत. फेब्रुवारी २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अजमेरच्या रहमतुल्ला खान प्रकरणात वेगळी रेघ ओढली: कंपनीच्या चुकीमुळे राहिलेल्या रकमेची मागणी नंतरही करता येते, पण त्यासाठी वीज तोडायची जबरदस्ती करता येत नाही. समोरची बाजू सर्वोच्च न्यायालयाचाच २०२१ चा प्रेम कॉटेक्स निकाल काढेल. चुकून कमी आकारलेली रक्कम नंतर मागणं ही सेवेतली त्रुटी नव्हे, असं त्यात म्हटलंय. म्हणून अर्जात दोन मुद्दे वेगळे मांडा: रक्कम देणं लागतं का, आणि त्यासाठी लाइट तोडता येते का. दुसऱ्यात तुमची बाजू जास्त भक्कम आहे असं माझं मत आहे.

कुठे जायचं हे नोटिशीवरच्या कलमावर ठरतं. कलम १२६ (अनधिकृत वापर) असेल तर दिवाणी कोर्ट कलम १४५ मुळे बंद. तीस दिवसांत कलम १२७ खाली अपील, आणि आकारणीची निम्मी रक्कम आधी भरावी लागते. १३५ म्हणजे वीजचोरी, तिथे विशेष न्यायालय आणि फौजदारी वकील. यातलं काही नसेल, नुसतं फरकाचं बिल असेल, तर वीजग्राहकांच्या तक्रारी ऐकणारा ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच. महावितरणचं सोलापूर मंडल बारामती परिमंडळाखाली येतं, म्हणून मंचही त्या परिमंडळाचा. लाइट तुटायची वेळ आली असेल तर मंचाकडे अंतरिम आदेशही मागता येतो. मंचाचा निर्णय पटला नाही तर साठ दिवसांत मुंबईच्या विद्युत लोकपालांकडे जाता येतं. जिल्हा ग्राहक आयोगाचा सल्ला कोणी देईल, पण धंद्याच्या कनेक्शनला तिथे बहुधा दाद मिळत नाही.

उद्याच महावितरणच्या उपविभागात लेखी अर्ज देऊन पोच घ्या, आणि त्याच अर्जात मीटर तपासणीचा अहवाल आणि सुरुवातीपासूनचा सीपीएल (ग्राहकाच्या दर महिन्याच्या वापराचा आणि बिलांचा खातेउतारा) मागा. युनिट कोणत्या महिन्यापासून अचानक घसरले ते सीपीएलमध्ये दिसतं. बिघाड खरंच साडेतीन वर्षं होता की गेल्या वर्षापासून, हे त्या उताऱ्यावरूनच भांडता येईल.